एव्लालियस काय पुटपुटायचा

१

बाप्तिस्म्याच्या कुंडात धर्मगुरू एव्लालियस पालथा पडला होता. पाठीवरचा झगा फुग्यासारखा फुगला होता आणि हात दोन्ही बाजूंना पसरले होते.

झोसिमी उघड्या दारातच थबकली. हिवाळ्यातला दीक्षेचा सण तोंडावर आला होता. नव्याने दीक्षा घेणाऱ्या बायकांसाठी पांढरी वस्त्रं काढून ठेवायला ती सकाळीच आली होती. बायकांच्या दीक्षेला सेविका लागते आणि लिम्नी गावाची सेविका म्हणून तिने आयुष्य काढलं होतं. कुंडाच्या पायऱ्या उतरून तिने म्हाताऱ्याचा खांदा धरला. अंग लाकडासारखं ताठलं होतं.

ती ओरडली. आपण ओरडलो हे तिला लोक धावत आले तेव्हाच कळलं. लग्नानंतरच्या वर्षीच तापाने तिचे कान गेले होते. तेव्हापासून ती माणसांच्या ओठांवरून बोलणं ओळखायची. माणूस समोर असला आणि उजेड असला की तिचं काही अडत नसे. पाठ फिरवली की तो माणूस तिच्यापुरता संपला. नवरा वारल्यावर तिच्याकडे तोंड करून बोलण्याची तसदी गावात एकच माणूस घ्यायचा. त्याला आता चौघांनी कुंडातून उचलून शेगडीपाशी ठेवलं होतं.

बघता बघता अंगण भरलं. डावीकडे एक घोळका, उजवीकडे दुसरा. लिम्नीत कुठलीही गर्दी अशीच उभी राहायची.

भांडण जुनं होतं. प्रभू येशू पित्याच्या बरोबरीचा, त्याच्याच सत्त्वाचा, की पित्याने घडवलेला, त्याच्या हाताखालचा? विहिरीवर दोर मागितला तरी आधी याचं उत्तर द्यावं लागे. ‘‘बाप आधी की लेक आधी, हे शेंबड्या पोरालाही कळतं!’’ असं एक बाई म्हणायची. ‘‘दिव्याने दिवा लावला तर त्यातला कुठला उजेड थोरला, ते सांग की!’’ असं दुसरी उलटून म्हणायची आणि पाणी राहायचं विहिरीतच. उपासनेतही तेच. डावीकडचे म्हणत, ‘‘पित्याला, पुत्राला आणि पवित्र आत्म्याला गौरव.’’ उजवीकडचे म्हणत, ‘‘पित्याला, पुत्राच्या द्वारे, आत्म्यामध्ये गौरव.’’ एका शब्दाचा फरक. पण त्या शब्दापायी याच चर्चमध्ये एकदा दोन माणसं मेली होती. दामास नावाच्या चांभाराने दिव्याची पितळी समई उचलून समोरच्या घोळक्यातल्या फिलोनच्या डोक्यात घातली. लोकांनी दामासला अंगणात ओढत नेलं आणि दगडांनी ठेचलं. पहिला दगड कुणी मारला ते गावाने कधी विचारलं नाही.

तेव्हापासून एव्लालियस पुटपुटू लागला. ‘‘पित्याला गौरव असो’’ एवढं तो खणखणीत म्हणे. मग ओठ हलत, आवाज मात्र घशातच राही. शेवटी पुन्हा मोठ्याने, ‘‘युगानुयुग, आमेन.’’ मधले शब्द कुणाच्याच कानी पडत नसत. त्यामुळे दोन्ही बाजूंना वाटायचं, म्हातारा मनातून आपलाच आहे. त्या गिळलेल्या शब्दांवर गाव एका छपराखाली टिकून होतं.

आणि आता सम्राटाचा अधिकारी निघाला होता. प्रत्येक गावच्या धर्मगुरूने त्याच्यासमोर ‘पुत्राच्या द्वारे’ असं स्पष्ट म्हणायचं होतं, नाहीतर चर्च सोडायचं होतं.

‘‘त्याने नकार दिला असता म्हणून यांनी मारला!’’ डावीकडून कुणीतरी ओरडलं. झोसिमीने ते ओठांवरून टिपलं. उजवीकडचा एक जण खाली वाकला. उठला तेव्हा त्याच्या मुठीत दगड होता.

२

तो दगड सुटला नाही, कारण लिसिमाखस मध्ये येऊन उभा राहिला. सैन्याला घोडे पुरवणारा हा धिप्पाड गृहस्थ गावचा पंच होता आणि कुंडाचं हे दीक्षागृह त्यानेच बांधून दिलं होतं.

‘‘अधिकारी उद्या पोचतोय,’’ तो गरजला. ‘‘त्याच्या स्वागताला मुडदे पसरायचेत का? खुनी कोण ते शोधू, मग काय ती दगडफेक करा.’’ मग तो झोसिमीकडे वळला. तोंड मोठं उघडून, लहान मुलाशी बोलावं तसं, म्हणाला, ‘‘बाई, हे तू विचारायचंस. मी विचारलं तर हे म्हणणार मी सम्राटाचा माणूस. डावीकडच्या कुणी विचारलं तर उजवीकडचे म्हणणार हा त्यांचा. तुला दोघंही आपलं मानत नाहीत.’’

गोष्ट खरी होती, म्हणूनच लागली. ती प्रेतापाशी जाऊन बसली आणि म्हाताऱ्याचे केस सारखे करू लागली.

शेगडीच्या धगीने अंग सुकत आलं होतं. दाढीवरून हात फिरवताना तिला केस चरचरीत लागले, जसे कढत पाण्यात खळ घालून वाळवावेत तसे. बोटांना पांढरी भुकटी चिकटली. राख असेल, तिला वाटलं. आपल्या कपाळावरचा केस बाजूला करताना बोट ओठाला लागलं.

ती भुकटी खारट होती.

झोसिमी उठली, कुंडापाशी गेली, ओंजळीत पाणी घेऊन प्यायली. झऱ्याचं पाणी, नेहमीसारखं गोड. मिठाचं पाणी लिम्नीत एकाच जागी होतं. गावाबाहेरच्या पांढऱ्या तळ्यात, जिथे गवत उगवत नाही आणि पक्षी बसत नाहीत. पहाटे तिकडे जाणारा एव्लालियस तिला बरेचदा दिसायचा.

दाट दाढीत मुरलेलं मीठ कुंडाच्या पाण्यानेही पुरतं धुतलं गेलं नव्हतं. म्हणजे एव्लालियस इथे मेला नव्हता. त्याला इथे आणून बुडवलं होतं.

हे तिने कुणालाच सांगितलं नाही. सांगायची सवय कधीच सुटली होती.

डीकन गोर्डियस भिंतीला टेकून बसला होता. धर्मगुरूचा उजवा हात, डावीकडच्या एकसत्त्ववाल्यांचा पुढारी. त्या दंगलीत मेलेला फिलोन याचा थोरला भाऊ. तेव्हा पोरसवदा असलेल्या गोर्डियसला एव्लालियसने आपल्या घरी वाढवलं होतं. त्याचे डोळे सुजले होते.

‘‘पहाटे कुठे होतास बाळा?’’

‘‘मेंढवाड्यात. एक मेंढी व्याली.’’ तो हाताच्या तळव्यांकडे बघत होता. तिने त्याची हनुवटी वर केली तेव्हा तो पुढे बोलला. ‘‘मावशी, बापाच्या मागे उभं राहावं तसा मी त्याच्या मागे उभा राहिलो. मला वाटायचं, तो आपलेच शब्द म्हणतो, भीतीपोटी हळू म्हणतो एवढंच. आणि तो माझ्या भावाला त्या चांभाराच्या शेजारी बसवत होता!’’

‘‘कोण? कुठे बसवत होता?’’

‘‘काही नाही. डोकं ठिकाणावर नाही माझं.’’ त्याने तोंड फिरवलं आणि तिच्यापुरता तो संपला.

मुलगा दुःखाने बरळतोय, असं तिला तेव्हा वाटलं.

३

उजव्या बाजूचा पुढारी होता वाचक अस्तेरियस. बारीक, नेटका, बोटांना अत्तर लावणारा. उपासनेत शास्त्रपाठ वाचायचं काम त्याचं. त्याने स्वतःहूनच तिला गाठलं.

‘‘सेविकाबाई, मी साक्षीदार आहे,’’ तो म्हणाला. ‘‘सूर्य उगवताना मी दीक्षागृहाच्या भिंतीलगत चाललो होतो. आत एव्लालियसबाबा मोठ्याने प्रार्थना करत होते. स्पष्ट ऐकलं, ‘पुत्राच्या द्वारे’. शेवटी सत्य त्यांच्या मुखी आलंच. आणि तेच ऐकून कुणाचं तरी माथं भडकलं असणार. कुणाचं ते मी सांगायला नको.’’

‘‘आत जाऊन पाहिलंस?’’

‘‘दार बंद होतं. किल्ली माझ्याकडे नसते. किल्ल्या दोघांकडे, लिसिमाखस आणि तुमचा लाडका गोर्डियस.’’

बोलताना तो सारखा हात तोंडापाशी नेत होता. खोटं बोलणारी माणसं तिच्यासमोर असंच करतात, हे तिला जुन्या अनुभवाने ठाऊक होतं. आणि सूर्य उगवताना एव्लालियस या भिंतींच्या आत प्रार्थना करणं शक्य नव्हतं. सकाळी तिने हात लावला तेव्हा तो ताठला होता. म्हणजे सूर्य उगवायच्या बराच आधी, भल्या पहाटेच गेला होता, तोही तळ्यात.

मग हा माणूस मेलेल्याला जिवंत का करतो आहे? मारणाऱ्यालाच असं सांगायची गरज पडते.

‘‘अस्तेरियस, बाबा पहाटे तळ्याकडे जायचे हे तुला माहीत होतं?’’

त्याचा हात तोंडापासून खाली आला.

‘‘तळं? तळ्याचा काय संबंध?’’ आणि मग, फार घाईने, ‘‘लिसिमाखसला विचारा. तळ्याची गोष्ट त्यानेच काढली होती.’’

४

लिसिमाखस तबेल्यात होता. घोड्याच्या खुरात अडकलेला खडा काढताना मान वर न करता बोलायचा, मग आठवण होऊन वर बघायचा, त्यामुळे त्याचं बोलणं तिला तुकड्यातुकड्यांनी मिळालं.

‘‘हो, मीच सांगितलं. माझे घोडे तिकडच्या चढावर असतात ना. रोज पहाटे म्हातारा तळ्याकाठी उभा राहून ओरडताना दिसायचा. काय ओरडतो, कळायचं नाही, वारा उलटा. परवा अंगणात गंमत म्हणून बोललो, ‘अरे, तुमचा मुका धर्मगुरू तळ्याला प्रवचन देतो!’ दोघंही होते तिथे, अस्तेरियस आणि गोर्डियस. दोघांचेही कान टवकारले. इतकी वर्षं न ऐकलेली गोष्ट ऐकायची संधी होती ना!’’

‘‘आणि तू? किल्ली तुझ्याकडेही आहे.’’

तो हसला, पण डोळे हसले नाहीत. ‘‘बाई, मला तो जिवंत हवा होता. अधिकाऱ्यासमोर तो पुटपुटला असता तरी मी सांभाळून घेतलं असतं. मी त्याला म्हटलं होतं, ‘एक शब्द म्हणून टाक, काय जातं?’ तर म्हणाला, ‘ती जागा भरलेली आहे.’ वेडसर झाला होता.’’

‘‘काय म्हणाला?’’

‘‘ती जागा भरलेली आहे. तुला काही कळतं का यातलं?’’

झोसिमीला कळत होतं. साऱ्या गावात फक्त तिलाच कळत होतं.

लोक वर्षानुवर्षं कान लावून बसले, आणि ऐकू येत नसलेली झोसिमी समोर उभी राहून त्याचे ओठ बघत होती. ‘पित्याला गौरव असो’ झालं की त्याचे वरचे दात खालच्या ओठावर टेकत, मग तोंड गोल होई. फिलोन. मग ओठ मधेच मिटून उघडत. दामास. पुत्राच्या नावाच्या जागी तो त्या दोघांना ठेवायचा, मेलेल्याला आणि मारणाऱ्याला, आणि म्हणायचा, ‘यांना तुझ्यापाशी घे.’ ती नावं पक्की ओळखायला तिला पुष्कळ काळ लागला होता. ओळखल्यावर ती गप्प बसली. तिला कळलं आहे हे त्यालाही कळलं होतं. दोघं त्याविषयी कधी बोलले नाहीत. एवढीच काय ती त्यांची मैत्री.

तबेल्याच्या दारात ती एकाएकी थांबली.

‘माझ्या भावाला त्या चांभाराच्या शेजारी बसवत होता.’

फिलोनची कबर चर्चच्या पूर्वेला होती. दामासची, दोन्ही घरच्यांच्या हट्टाने, गावाच्या पार दुसऱ्या टोकाला कातडी कमावायच्या हौदांमागे. ते दोघं या जगात शेजारी बसत होते ते एकाच ठिकाणी, एव्लालियसच्या प्रार्थनेत. ती प्रार्थना चर्चमध्ये कुणालाही ऐकू येत नसे. ज्याने ऐकली त्याने तळ्याकाठीच ऐकली असणार, जिथे म्हातारा मोठ्याने म्हणायचा.

अस्तेरियस खोटा होता, पण पोकळ खोटा. त्याने खरंच ऐकलं असतं तर ‘पुत्राच्या द्वारे’ अशी थाप मारलीच नसती. तो पहाटे अंथरुणातून उठला नव्हता. मेलेल्या माणसाला आपल्या पंगतीत ओढायची संधी दिसली, त्याने साधली, एवढंच. ज्याच्याकडे किल्ली होती आणि ज्याला ते शब्द ठाऊक होते, असा माणूस एकच उरत होता.

तिला त्या क्षणी मनापासून वाटलं, आपल्याला ओठही वाचता आले नसते तर बरं झालं असतं.

५

गोर्डियस दीक्षागृहात कुंडातलं पाणी उपसत होता. तिने दार लोटून घेतलं.

‘‘त्याच्या दाढीत मीठ आहे,’’ ती म्हणाली.

तो थांबला, पण वळला नाही. त्याची पाठ हलत होती. तो बोलत असावा किंवा रडत असावा.

‘‘माझ्याकडे तोंड करून सांग, गोर्डियस.’’

मग तो वळला.

‘‘मला फक्त ऐकायचं होतं, मावशी. एकदाच. तो आपला आहे हे त्याच्या तोंडून. धुक्यात त्याच्या मागे जाऊन उभा राहिलो. त्याने हात वर केले आणि मोठ्याने म्हटलं. आधी फिलोनचं नाव आलं. मला इतका आनंद झाला, वाटलं धावत जाऊन पाय धरावेत. आणि मग त्याने त्या चांभाराचं नाव घेतलं. त्याच सुरात. जरासुद्धा आवाज न बदलता! मी म्हटलं, ‘पुत्राची जागा कुणाला देतोस?’ तो म्हणाला, ‘पुत्रानेच दिलीय, मी कोण?’ मी ढकललं त्याला. तो पालथा पडला. पाणी गुडघाभर, मावशी! कुणीही उठला असता. मी पाठ फिरवून उभा राहिलो, म्हटलं उठू दे आता आपला आपण. मला त्याचं तोंड बघायचं नव्हतं.’’

‘‘तो उठला नाही.’’

‘‘मी वळलो तेव्हा तो शांत होता.’’

‘‘आणि मग त्याला इथे का आणलंस?’’

त्याने बादली काठावर ठेवली.

‘‘त्यांच्यातले काही जण दीक्षेला एकदाच बुडवतात, आपण तीनदा. कुंडात बुडवलेला सापडला की त्यांनीच आपल्या रीतीने दीक्षा देऊन मारलं असं समजून लोक त्यांच्यावर जातील असं वाटलं. निदान त्याचं मरण तरी आपल्या कामी येईल.’’ आणि स्वतःच्याच तोंडून निघालेलं ऐकून त्याने दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

तिने ते हात हळूच खाली ओढले. ‘‘बाहेर लोक दगड घेऊन उभे आहेत. त्यांना तू सांगायचं. मी सांगितलं तर बहिरीची बडबड म्हणतील.’’

‘‘ते मला ठेचतील.’’

‘‘मी तुझ्याजवळ उभी राहीन. आणखी काही मला करता येणार नाही.’’

६

त्याने सांगितलं. उपासनेत डीकन उभा राहतो त्याच जागी उभं राहून, मान खाली न घालता. झोसिमी त्याला खेटून उभी होती. तिने तेवढ्यात लोकांचे चेहरे पाहिले. अस्तेरियसच्या चेहऱ्यावर आधी हसू फुटलं, कारण खुनी पलीकडचा निघाला होता. मग ती पुढे झाली आणि एव्लालियस काय पुटपुटायचा ते तिने सांगितलं. आपला आवाज किती मोठा, किती वेडावाकडा येतो आहे ते तिला कळत नव्हतं, पण माणसं मागे सरकत होती.

एकही दगड सुटला नाही. फिलोनचे लोक म्हणाले, ‘‘ज्याने चांभाराला पुत्राच्या जागी बसवलं तो आमचा नव्हेच.’’ पलीकडचे म्हणाले, ‘‘ज्याने कधी ‘द्वारे’ म्हटलंच नाही तो आमचा कसा?’’ ज्या माणसावर दोघंही हक्क सांगत होते, तो अंगण रिकामं होईपर्यंत कुणाचाच उरला नाही.

दुसऱ्या दिवशी अधिकारी आला. त्याने चर्चच्या किल्ल्या अस्तेरियसला दिल्या. गोर्डियसला शिपायांनी तांब्याच्या खाणीकडे नेलं. जाताना तो वळला आणि दुरूनच तिला काहीतरी म्हणाला, पण ऊन थेट तिच्या डोळ्यांवर येत होतं आणि तिला ते वाचता आलं नाही. डावीकडचा घोळका आपली उपासना आता बर्फाळ माळावर करू लागला. लिसिमाखसने प्रेत उचलायला दोन नोकर दिले, तेही कबरस्तानाच्या फाटकापर्यंत. आत यायला ते तयार होईनात.

झोसिमी कुदळ घेऊन एकटीच बसली होती. जमीन दगडासारखी गोठली होती. कुदळ मारली की हाताला झिणझिण्या येत, माती मात्र निघत नसे.

समोर सावली पडली म्हणून तिने वर पाहिलं. एक फार म्हातारी बाई गोवऱ्यांची पाटी कमरेवर घेऊन उभी होती. हात कातडी कमावून काळेनिळे पडलेले. आप्फिया, दामास चांभाराची आई. मुलगा गेल्यापासून गावाने तिच्याशी बोलणं टाकलं होतं. चर्चमध्ये ती यायची, अगदी मागे, खांबाआड बसायची, आणि सगळ्यांच्या आधी निघून जायची.

‘‘अशी नाही निघायची माती,’’ आप्फिया म्हणाली. ‘‘आधी जाळ करावा लागतो. जमीन सैल होते.’’

तिने गोवऱ्या रचल्या, फुंकर मारून विस्तव पेटवला. दोघी समोरासमोर बसल्या. धूर सरळ वर जात होता.

‘‘खरंच नाव घ्यायचा का गं?’’ आप्फियाने विचारलं. ‘‘माझ्या दामासचं?’’

‘‘दर खेपेला.’’

‘‘मोठ्याने नाही.’’

‘‘नाही. मोठ्याने फक्त तळ्याकाठी.’’

म्हातारीने काडीने विस्तव जरा पसरवला. ‘‘मला वाटायचं, त्याचं नाव घेणारी आता मीच एकटी,’’ ती म्हणाली. मग उठून तिने टाचेने जाळाच्या कडेची जमीन दाबून पाहिली. माती जरा दबली.

‘‘दे इकडे कुदळ,’’ ती म्हणाली. ‘‘तू माती ओढ.’’